सोन्याचा आकडा

आमच्या घरात माणसं दोन आणि आकडे असंख्य. आकडे म्हणजे हिशेबातले नव्हेत. ते दर महिन्याच्या वीस तारखेलाच आटोपतात. हे केसांत खोचायचे आकडे. काळे, बारीक, एक पाय सरळ आणि एक नागमोडी. एकाच घरातले दोन भाऊ असावेत, थोरला तलाठी कचेरीत आणि धाकटा नाटक कंपनीत, तसे. पुठ्ठ्यावर ओळीनं टोचलेले दोन डझन आकडे बायको घेऊन येते आणि आठवड्याभरात तिच्या अंबाड्यात त्यांतले चार उरतात. बाकीचे वीस संसारात पांगतात. ते मला उशीखाली भेटतात, मोरीच्या जाळीवर भेटतात, पोथीत खूण होऊन बसलेले भेटतात, बिस्किटाच्या पुड्याचं तोंड दाबून धरलेले भेटतात. एकदा बँकेत पासबुक उघडलं तर आतून आकडा पडला. काउंटरवरची मुलगी हसून म्हणाली, "काका, हा आकडा आमच्याकडे जमा होत नाही." माझ्या स्वतःच्या डोक्यावर आकड्यानं धरून ठेवावं असं गेल्या पंधरा वर्षांत काही नाही, त्यामुळे या वस्तूकडे मी बऱ्याच तटस्थपणे पाहू शकतो.

परवा दिवाळीची झाडलोट करताना कॉटखालून एकदम अकरा आकडे निघाले. ते तळहातावर घेऊन मी जमिनीवरच बसून राहिलो, आणि मला एक पैलवान आठवला. आकडे पाहून माणसाला आई आठवावी, बहीण आठवावी, फार तर कॉलेजातली पुढच्या बाकावरची वेणी आठवावी. मला गॉर्जस जॉर्ज आठवला. देखणा जॉर्ज. दुसरं महायुद्ध संपल्यानंतरच्या आठ-दहा वर्षांत अमेरिकेतल्या लाखो लोकांनी ज्याचा मनापासून, नियमितपणे आणि तिकीट काढून द्वेष केला, तो हा मल्ल. त्याचे केस पांढरट सोनेरी रंगवलेले आणि लाटालाटांचे कुरळे होते आणि त्यांत सोन्याचा मुलामा दिलेले आकडे असत. आखाड्यात आला की तो एकेक आकडा केसांतून काढून प्रेक्षकांत उधळायचा. त्यांना 'जॉर्जी पिन' म्हणत. हा आकडा बाजारातल्या साध्या आकड्यासारखाच आहे असं मी कधीही समजणार नाही, अशी शपथ त्याच्या चाहत्यांना घ्यावी लागे. मी हे जेव्हा पहिल्यांदा वाचलं तेव्हा वाटलं, आमच्या घरात अशी शपथ असती तर निदान मोरी तुंबली नसती.

खरं तर कुस्ती म्हटलं की माझ्या मनात उभं राहतं ते निराळंच. कोल्हापूरचं खासबाग मैदान, शाहू महाराजांनी बांधलेलं. लाल माती, हलगीचा कडकडाट, मातीला हात लावून कपाळाशी नेणारे दोन जवान. तिथे एक जिंकतो, एक हरतो, पण खलनायक कुणी नसतो. चितपट झालेला पैलवानही पाठीवरची माती घेऊन मानानं घरी जातो. दुष्ट पैलवान ही वस्तू मला प्रथम कळली ती आमच्या गिरगावच्या काकांकडून. काका वरळीच्या वल्लभभाई पटेल स्टेडियमवर फ्री-स्टाइल कुस्त्या बघायला जात. दारासिंग आणि किंगकाँग. किंगकाँग हा मूळचा हंगेरीचा, एमिल झाया त्याचं नाव, वजन दोनशे किलोच्या घरात. काका सांगत, तो नुसता रिंगमध्ये चढला तरी पब्लिक ओरडायला लागायचं. मग दारासिंग त्याला डोक्यावर उचलायचा आणि आमच्या काकांचे दोन्ही हात हवेत जायचे. पुढे सत्तरीत आल्यावरही जायचे, कपातला चहा सांडायचा. काकांचा एक मित्र होता, वकील. तो म्हणायचा, "सगळी नुरा कुस्ती हो. आधी ठरलेलं असतं." यावर काका लाल व्हायचे. "खोटी? अरे, किंगकाँग पडला तेव्हा माझ्या खुर्चीचे पाय हलले, ते काय खुर्चीशी ठरलेलं होतं?" या युक्तिवादाला वकिलाकडे उत्तर नव्हतं. माझ्याकडेही अजून नाही.

तर जॉर्ज. जॉर्ज वॅग्नर हे त्याचं जन्मनाव. २४ मार्च १९१५ रोजी अमेरिकेतल्या नेब्रास्का राज्यात बट नावाच्या खेड्यात त्याचा जन्म झाला. वडील घरांना रंग देत, आई आजारी असे. पुढे बिऱ्हाड ह्यूस्टनला आलं, चौदाव्या वर्षी शाळा सुटली, पोरगा जत्रांमधल्या कुस्त्या खेळू लागला. एक कुस्ती मारली की पस्तीस सेंट. अंगानं तो काही अवाढव्य नव्हता. उंची पाच फूट नऊ इंच, चेहरा एखाद्या होतकरू किराणा दुकानदाराचा. कुस्ती चांगली येत होती, आणि तीच अडचण होती. चांगली कुस्ती येणारे तेव्हा गल्लोगल्ली होते. दहा वर्षं तो गुणी, कष्टाळू आणि कुणालाही न आठवणारा पैलवान म्हणून जगला.

१९३९ साली त्यानं बेटी हॅन्सन नावाच्या मुलीशी लग्न केलं, तेही ऑरेगन राज्यातल्या यूजीन गावी, चक्क कुस्तीच्या रिंगणात. लोकांना ते लग्न इतकं आवडलं की या जोडप्यानं मग गावोगावच्या आखाड्यांत पुन्हा पुन्हा लग्न केलं. तीच बायको, तोच नवरा, नवीन गाव, नवीन तिकीट. आपल्याकडच्या बायका सात जन्मांसाठी वडाला सूत गुंडाळतात. बेटीनं सातांहून जास्त लग्नं एकाच जन्मात उरकली असतील. मला या प्रकाराचं नुसतं हसूच येत असे, पण एकदा विचार केला की रोज संध्याकाळी त्याच माणसाच्या गळ्यात नव्यानं हार घालायचा म्हणजे काही सोपी गोष्ट नाही. आम्ही एकदाच घातला. पुन्हा घालायची वेळ आली तर दोघांपैकी एक जण नक्की म्हणेल, जरा थांबा, विचार करून सांगतो.

त्याच्या आयुष्यातला मला सर्वांत आवडणारा प्रसंग मात्र घडी घालण्याचा आहे. बेटीनं नवऱ्यासाठी झुळझुळीत झगे शिवले होते. झगा चांगला होता, कष्टानं शिवलेला होता, तेव्हा रिंगणात उतरल्यावर जॉर्जनं तो कोपऱ्यात भिरकावून न देता नीट घडी घालायला घेतली. बाही बाहीवर, शिवण शिवणीवर. एवढ्यात मागून कुणीतरी ओरडलं. त्यानं लक्ष दिलं नाही. अजून दोघे ओरडले. मग सगळं सभागृह ओरडू लागलं. लाकूडतोडे, गोदीतले हमाल, दिवसभर राबून आलेली माणसं. त्यांच्यासमोर एक धट्टाकट्टा पुरुष रेशमी झग्याची घडी घालत उभा होता, आणि ते त्यांना काही केल्या सहन होईना. मला दिसतं ते असं, की जॉर्जचे हात तिथे क्षणभर थांबले असतील. दहा वर्षांत त्याच्या कुठल्याही डावाला एवढी दाद मिळाली नव्हती. मग त्यानं घातलेली घडी मोडली असेल, झगा झटकला असेल आणि अगदी सावकाश पुन्हा पहिल्यापासून सुरुवात केली असेल. न्यूटनचं सफरचंद पडलं ते बागेत. या माणसाला त्याचं सफरचंद घडीत सापडलं.

एका बाईच्या तोंडून "काय देखणा आहे हो!" असं निघालं आणि तेच नाव चिकटलं, असं सांगतात. पुढे त्यानं कायदेशीररीत्या आपलं नावच गॉर्जस जॉर्ज करून घेतलं. लॉस एंजलिसला मुक्काम हलला, केस सोनेरी झाले, झगे वाढले आणि प्रवेशाला संगीत आलं. एल्गारचं 'पॉम्प अँड सर्कमस्टन्स', इंग्रजांच्या राजेशाही थाटाचं कूच-संगीत, त्या सुरांवर जांभळ्या प्रकाशझोतात हा मंद पावलं टाकत यायचा. पुढे त्याचा नोकर जेफरीज. त्याच्या हातात चांदीचा आरसा. तो वाटेवर गुलाबाच्या पाकळ्या टाकी. मग जेफरीज एक पंप काढायचा. आपल्याकडे ढेकणांवर फ्लिट मारायचा पंप असे ना, तसलाच. पण त्यात शनेल नंबर फाइव्ह हे फ्रेंच अत्तर आहे अशी जाहिरात. त्यानं आधी रिंगण शिंपून शुद्ध व्हायचं, मग प्रतिस्पर्ध्याचा कोपरा, आणि मग पंच. नियमाप्रमाणे पंच जॉर्जला तपासायला पुढे आला की जॉर्ज किंचाळायचा, "तुझे घाणेरडे हात लावू नकोस मला!" आमच्या आजीचं सोवळं ज्यांनी पाहिलं आहे त्यांना या दृश्यात नवं काही वाटणार नाही. आजी विहिरीवरून भरलेली कळशी घेऊन यायची तेव्हा आम्ही पोरं भिंतीला पाठ लावून उभी राहायचो, ती जेफरीजशिवायच. पण आजीला कुणी तिकीट लावलं नाही.

हा सगळा सोहळा कित्येकदा कुस्तीपेक्षा लांबायचा. त्यात मला काही गैर वाटत नाही. काही गवयांचा तंबोरा जुळवण्याचा कार्यक्रम ख्यालापेक्षा रंगतो, आणि जाणकार श्रोते त्यासाठीच वेळेवर येतात. अंगाला अत्तर आणि अंगावर भरजरी वस्त्र हा थाट आपण बालगंधर्वांना मनोमन बहाल केला. प्रेक्षागृहात दरवळ आला की लोक सुखावत. तोच दरवळ अमेरिकन आखाड्यात आला की लोक खुर्चीवर उभे राहून शिव्या घालत. अत्तर तेच. नाकं निराळी.

आणि मग कुस्ती. जॉर्ज केस ओढायचा, पाठीमागून ठोसा मारायचा, पंचाची नजर चुकवून डोळ्यांत बोटं घालायचा, आणि समोरच्यानं उलट हात उगारला की गुडघ्यांवर बसून गयावया करायचा. जमलं तर जिंका, नाइलाज झाला तर हरा, पण लबाडी कधी सोडू नका, असं त्याचं ब्रीद सांगतात. ते वाचलं आणि मला पुन्हा काकाच आठवले. मे महिन्याच्या सुट्टीत काका आमच्याशी पत्ते खेळत आणि न चुकता लबाडी करत. मांडीखाली एक्का, बनियनमध्ये गुलाम. लबाडी इतकी ढोबळ, की सर्वांत धाकट्या शेंडेफळालाही ती दिसायची. मग आम्ही नऊ भावंडं, जी सकाळपासून एकमेकांच्या झिंज्या उपटत असायची, एकजुटीनं काकांच्या अंगावर धावून जायचो. "काका चोर! काका चोर!" काका हात जोडून गयावया करायचे. त्या रात्री गच्चीवर अंथरुणांवरून भांडण व्हायचं नाही. आई काकांना म्हणायची, "भावजी, तुम्हांला साधं पत्ते लपवता येत नाहीत?" काका नुसते सुपारी कातरत राहायचे.

जॉर्जच्या नशिबानं त्याच सुमारास घराघरांत एक पेटी आली. ११ नोव्हेंबर १९४७ रोजी तो पहिल्यांदा टेलिव्हिजनवर दिसला. त्या वेळचे कॅमेरे अवजड, दिवे तापट. फुटबॉलचं अख्खं मैदान त्यांना झेपत नसे. कुस्तीचं रिंगण मात्र चौकोनी, छोटं आणि भरपूर उजेडाचं, जणू पडद्याच्या मापानंच शिवलेलं. आणि कृष्णधवल पडद्यावर पांढरट सोनेरी केसांइतकं दुसरं काय उठून दिसणार? लोक त्याला बघायला दारूच्या गुत्त्यांत, दुकानांच्या काचांपुढे गर्दी करू लागले. वर्षाची कमाई लाख डॉलरच्या घरात गेली. जत्रेतले पस्तीस सेंट आणि हा आकडा यांच्यामध्ये फक्त एक केसांतला आकडा होता, असं मला पुष्कळदा वाटतं.

त्या काळी न्यूयॉर्कच्या कुस्त्यांना पुढच्या रांगेत बसणारी एक बाई 'हॅटपिन मेरी' या नावानं प्रसिद्ध होती. दुष्ट पैलवान जवळून गेला की ती टोपीतली लांब पिन काढून त्याला टोचायची. कुणाच्या घरची आजी असेल, रविवारी चर्चला जाणारी, शेजाऱ्यांना मुरंबा देणारी. दुष्टाच्या केसांतून सोन्याच्या पिना प्रेक्षकांत यायच्या आणि सज्जनांच्या टोपीतून पोलादी पिना दुष्टाकडे जायच्या, असा तो व्यवहार. पडद्यावर खलनायक रंगवणाऱ्या आपल्या निळूभाऊ फुल्यांना समोर पाहून बायका बिचकत, पदर सावरत, असं पुष्कळांनी सांगितलं आहे. निळूभाऊ मूळचे राष्ट्र सेवा दलाचे, एके काळी पुण्यात माळीकाम केलेले, अतिशय सौम्य गृहस्थ. माणूस जितकं मन लावून काम करील तितकं लोकांचं त्याच्याविषयीचं मत वाईट होत जावं, अशी नोकरी दुसरी नसेल. बढती म्हणजे जास्त शिव्या.

कुस्तीतल्या सज्जन आणि खऱ्या मल्लांशीही जॉर्जची गाठ पडली. १९५० मध्ये शिकागोत जगज्जेत्या लू थेझनं त्याला हरवलं. हाच लू थेझ पुढे १९६८ मध्ये मुंबईत दारासिंगकडून हरला, आणि त्या रात्री आमचे काका घसा बसेपर्यंत ओरडून घरी आले होते. म्हणजे आतेभावाच्या मेहुण्याच्या चुलत्याकडून लागतं तसं आमच्या घराचं आणि देखण्या जॉर्जचं नातं लागतं. मुंज-लग्नाला बोलावण्याइतकं नाही, पण सुतक धरायला हरकत नाही.

त्याचं बियाणं मात्र लांबवर गेलं. १९६१ साली लास व्हेगासला एका तरुण मुष्टियोद्ध्यानं त्याची बडबड ऐकली आणि गच्च भरलेलं सभागृह पाहिलं. तो पोरगा एकोणीस वर्षांचा होता, नाव कॅशियस क्ले. मुहम्मद अली व्हायला अजून वेळ होता. जॉर्जनं त्याला सांगितलं की तुझं तोंड कुणी बंद करतंय का हे बघायला लोक पैसे मोजतील, तेव्हा बोलत राहा. बॉब डिलननं आपल्या आठवणींत लिहिलं आहे की तो पोरवयात गावातल्या सभागृहात गाणं वाजवत असताना जॉर्ज लवाजम्यासह बाजूनं गेला आणि जाता जाता त्यानं डोळा मिचकावला. तेवढ्यावर त्या मुलाची कित्येक वर्षं निघाली. मला या मिचकावलेल्या डोळ्याचं फार कौतुक वाटतं. हजारो लोकांचा द्वेष अंगावर घेत निघालेला माणूस, घाईत, झगा सावरत. आणि त्याला कोपऱ्यातलं एक पोर दिसलं.

कमाईतून त्यानं कॅलिफोर्नियातल्या बोमाँटला १९५ एकर जमीन घेऊन टर्की पक्ष्यांचा फार्म काढला. त्या टर्कींची जाहिरातही तो आखाड्यांतून करी. टर्की हा पक्षी मी एकदाच पाहिला आहे. पिसारा फुलवून, मान ताठ करून, गळ्याची लाल झालर हलवत तो असा चालतो की आपणच बाजूला व्हावं. अशा शेकडो पक्ष्यांमध्ये सकाळी साध्या पायजम्यात, हातात दाण्याचं घमेलं घेऊन उभा असलेला जॉर्ज मी पुष्कळदा डोळ्यांपुढे आणतो. निदान तिथे तरी दिमाख दाखवायचं काम दुसऱ्यांकडे होतं.

पुढची हकीकत मला भराभर सांगायची आहे. दारू वाढली. बेटीशी घटस्फोट झाला, दुसरं लग्न झालं, तेही मोडलं. पडद्यावर दुसरे चेहरे आले. मग विकायला उरले ते केस. १२ मार्च १९५९ रोजी टोरोंटोच्या मेपल लीफ गार्डन्समध्ये त्यानं केस पणाला लावले आणि व्हिपर बिली वॉटसनकडून तो हरला. वीस हजार माणसं समोर होती. आखाड्याच्या मधोमध खुर्ची मांडली गेली. ज्या लाटा घालायला हॉलिवूडच्या केशभूषाकाराचे तास जात, त्या काही मिनिटांत खाली आल्या, आणि सभागृह आनंदानं वेडं झालं. मी केस गळताना पाहिले आहेत, पण माझे एकेक करून, सभ्यपणे, कुणाला न कळवता गेले. वीस हजारांच्या टाळ्यांत टक्कल उघडं पडणं म्हणजे काय, हे मला कल्पनेनंही पेलत नाही. त्यानं मात्र केस वाढवले, पुन्हा रंगवले आणि ७ नोव्हेंबर १९६२ रोजी लॉस एंजलिसला डेस्ट्रॉयर नावाच्या मुखवटेवाल्या मल्लाविरुद्ध पुन्हा पणाला लावले. हरला तर डेस्ट्रॉयर मुखवटा काढणार होता. जॉर्जचाही मुखवटाच होता म्हणा, फक्त तो मुळांपासून उगवलेला होता. तो पुन्हा हरला. यकृत केव्हाच निकामी होत चाललं होतं. १९६३च्या नाताळात हृदयविकाराचा झटका आला आणि २६ डिसेंबरला तो गेला. वय अठ्ठेचाळीस.

नॉर्थ हॉलिवूडच्या दफनभूमीत त्याची कबर आहे. तिथल्या पाटीवर मुलांनी लिहिलं आहे, आमच्या बाबांना प्रेमपूर्वक. आणि पुढे नाव आहे गॉर्जस जॉर्ज. वॅग्नर कुठेच नाही. अत्तराचा पंप, चांदीचा आरसा, कायदेशीर करून घेतलेलं ते अचाट नाव, या सगळ्या सरंजामाशेजारी 'बाबा' हा शब्द असा सहज येऊन बसलाय, जसा बनियनमधून पडलेला गुलाम.

"अहो, झालं का झाडून? आणि माझे आकडे सापडले का तिथे?" बायको दारात उभी होती. हात पिठाचे, केस सुटलेले.

मी उठलो. गुडघे वाजले, त्यामुळे थोडंफार संगीतही झालं. अकरातला एक आकडा पंच्याच्या कडेला पुसून, तळहातावर ठेवून मी कमरेत वाकून तिच्यापुढे धरला.

"काय चाललंय हे?"

"शपथ घे आधी, की हा साधा आकडा नाही."

"साधाच आहे. रुपयाला एक." तिनं कोपरानंच मला थोडं बाजूला सारलं, दोन पिठाळ बोटांनी आकडा उचलला, दातांनी त्याचे पाय फाकवले आणि आरशाकडे न बघता अंबाड्यात खोचून ती आत गेली. कढईतलं तेल तापलं होतं.